रतनवाडीचा काळोख
रतनवाडीला मी पहिल्यांदा गेलो तो होडीतून. १९८६ सालचा जून नुकताच लागला होता. शेंडीहून भंडारदऱ्याच्या जलाशयातून निघालो. पाणी तळाला गेलेलं, त्यामुळे होडी सोडल्यावर भेगाळलेल्या गाळातून बरंच चालावं लागलं. वाडीत पोचेपर्यंत अंधारून आलं. पडवीतून एका आजीने हाक मारली, "कुठून आले रं पोरांनो? बसा, च्या घ्या." रात्री नागलीची भाकर आणि खुरासणीची चटणी. पैसे पुढे केले तर तिला वाईट वाटलं.

निजायच्या वेळी तिने चिमणी फुंकली आणि समोरचा सादडा पेटला. अख्खं झाड काजव्यांनी लखलखायचं, विझायचं, पुन्हा लखलखायचं, जणू झाडच श्वास घेतंय. एवढा दाट काळोख मी शहरात कधी पाहिला नव्हता. तो काळोख होता म्हणून तर ते झाड दिसलं.

सकाळी अमृतेश्वर पाहिला. शिलाहारांच्या काळातलं देऊळ, दगडात इतकी नाजूक नक्षी की हात लावायला जीव धजत नाही. शेजारी पुष्करणी, तिच्या देवळ्यांतून विष्णूच्या मूर्ती. मागे रतनगड, प्रवरा तिथेच उगम पावते. १९१० साली इंग्रजांनी तिच्यावर धरण बांधायला घेतलं आणि १० डिसेंबर १९२६ रोजी गव्हर्नर लेस्ली विल्सन यांच्या हस्ते त्याचं उद्घाटन झालं. त्या पाण्यावर खाली राहाता, श्रीरामपूरकडे ऊस उभा राहिला. वर डोंगरात मात्र धरण उशाला अन् कोरड घशाला. मे महिन्यात बायकांच्या डोक्यावरचे हंडे मी पाहिलेत आणि त्याचा राग अजून गेलेला नाही. इथली महादेव कोळी माणसं राब भाजायची, भाताची आवणी करायची, हिरडा वेचायची आणि भात झोडून झाला की नारायणगावकडे मजुरीला जायची.

आता रतनवाडीपर्यंत डांबरी रस्ता आहे. पाण्याकाठी रंगीत तंबू, घरोघर 'घरगुती जेवण मिळेल'च्या पाट्या. पोरं गडावर वाटाडे म्हणून जातात. आजीच्या नातवाला मजुरीसाठी गाव सोडावं लागत नाही, याचा मला मनापासून आनंद आहे. त्याच्याकडचं जेवणाचं बिल मी आनंदाने देतो.

पण काजव्यांच्या दिवसांत शनिवारी रात्री गाड्यांची रांग लागते. काजव्याचा उजेड म्हणजे जोडीदाराला घातलेली साद. मोठ्या दिव्यांच्या झोतात ती बुडून जाते. पाहायला आलेलेच त्यांचा विणीचा हंगाम उधळतात, हे मला सहन होत नाही.

गेल्या जूनमध्ये पुन्हा त्याच पडवीत बसलो होतो. नातवाने न सांगता बल्ब मालवला. डोळे सरावले. सादड्यावर आधी चार-दोन ठिपके, मग फांदीच्या फांदी लुकलुकू लागली. तेवढ्यात वळणावरून गाडी आली, झाडावर प्रखर झोत पडला आणि सगळं नाहीसं झालं. मी उठून उभाच राहिलो.

नातू हळूच म्हणाला, "काका, बसा. त्या गाडीतली माणसं आपल्याकडंच जेवायला आलीत. दिवे बंद करायला सांगतो त्यांना." आणि बॅटरी न घेताच तो अंधारात उतरला.