देवाची बायको

समाजशास्त्राच्या तासाला सर ब्राझीलमधल्या कांदोम्ब्ले या धर्माविषयी सांगत होते. आफ्रिकेतून गुलाम म्हणून नेलेल्या माणसांनी आपले देव मनात जपून समुद्रापार नेले आणि मालकांच्या धाकाने त्यांना ख्रिस्ती संतांच्या आड उभे केले. लोखंडाचा देव ओगुन रिओत संत जॉर्ज झाला, दोघेही योद्धेच! ढोल वाजू लागले, की हे देव भक्तांच्या अंगात येतात. मागच्या बाकांवर हशा पिकला. सर पुढे म्हणाले, "तिथे नवी दीक्षा घेणाऱ्याला 'इयावो' म्हणतात, मग तो पुरुष का असेना. मूळ अर्थ नवरी. देवाची बायको."

मला हसू आले नाही. देवाची बायको मी पाहिली होती. माझ्या आजीची ती थोरली बहीण. आजी तिला अक्का म्हणे, म्हणून आम्ही पोरेही अक्काच म्हणायचो.

आमचे घर धनगराचे. कॉलेजात आलेली घरातली मी पहिलीच. सुप्यात कारखाने आले, वडील तिथेच कामाला जातात. पण आजीच्या देव्हाऱ्यात मधोमध खंडोबाच. पौष पौर्णिमेला आपल्याच पारनेर तालुक्यातल्या पिंपळगाव रोठ्याला, कोरठणच्या यात्रेला जायचे, हे ठरलेले. आजीच्या लेखी खंडोबा देव कमी नि जावई जास्त! थोरली म्हाळसा नेवाशाच्या वाण्याची लेक, धाकटी बाणाई धनगराची. सारीपाटात म्हाळसेशी हरून देव चंदनपुरीला बाणाईच्या बापाकडे मेंढ्या राखायला राहिला, हे सांगताना आजीचा चेहरा खुलतो. "देवाला बी लेंड्या झाडाव्या लागल्या आमच्या वाड्यात!" शिवाय रंभाई शिंपीण, फुलाई माळीण आहेतच. ज्या मुलखात जातीबाहेर मुलगी देत नाहीत, तिथे देवाने सगळ्यांशी सोयरीक केली, हे मला फार आवडते. जेजुरीला मात्र म्हाळसा गडावर देवाशेजारी आणि बाणाईचे देऊळ अर्ध्या वाटेत, पायऱ्यांवर. आजीला हे कधी खटकले नाही. मला खटकते.

आणि अक्का? पणजीची पोरे जगत नव्हती. "पुढचं पोर जगलं तर थोरली तुला वाहीन," असा तिने नवस केला. पोर जगले. ते पोर म्हणजे माझी आजी. आठ वर्षांच्या अक्काला देवाच्या नावाने हळद लागली, गळ्यात कवड्यांचा गाठा पडला आणि ती मुरळी झाली. वाघ्यांबरोबर घोळ वाजवीत जागरणे करीत गावोगाव हिंडली. मी पाहिली तेव्हा डोळे गेलेले, कपाळावर भंडारा. "माझा नवरा मरत नसतो," म्हणायची. जागरणाला तिला मानाने नेत. हळदीकुंकवाला कुणी बोलावीत नसे.

पुण्याचे शिवराम जानबा कांबळे यांनी या चालीविरुद्ध १९०८ साली सुरू झालेल्या 'सोमवंशीय मित्र' पत्रातून आवाज उठवला होता. मुंबई इलाख्यात १९३४ साली देवदासींच्या संरक्षणाचा कायदा झाला. हे सारे मला ग्रंथालयात कळले. म्हणजे अक्काच्या हळदीआधीच कायदा होता! आमच्या वाड्यापर्यंत तो पोचला नाही, इतकेच. २००५ साली महाराष्ट्राने नवा कायदा केला, तेव्हा अक्काचा गाठा झिजून गुळगुळीत झाला होता.

त्या दिवशी घरी येऊन आजीला ब्राझीलची गोष्ट सांगितली. समुद्रापलीकडेही देवाच्या नवऱ्या आहेत याचे तिला मुळीच नवल वाटले नाही. तिने एवढेच विचारले, "त्या बायांना लगीन करू देत्यात का गं?"

दुसऱ्या दिवशी मी सरांना विचारले. "हो, दीक्षा घेऊनही संसार करतात," सर म्हणाले. "का गं?" मी काही सांगितले नाही. आता हे लिहिते आहे.

आजीला सांगितले, तेव्हा ती भाकरी थापीत होती. हात तसेच थांबले. "माझ्यापायी गेली ती," एवढे बोलून ती उठली. देव्हाऱ्यामागून अक्काचा घोळ काढून तिने पदराने पुसला आणि वाजू नये म्हणून आतला लोलक मुठीत धरून पुन्हा जागच्या जागी ठेवला. तव्यावरची भाकरी करपली होती.