चार जागा, दहा तारखा

मुलीचे लग्न ठरले आहे. मुलगा पसंत, चर्च पसंत, पाहुण्यांची यादीही तयार. तरीही तारीख काही पक्की होत नाही. मुलीचे वडील म्हणतात, ''मे महिन्याच्या मध्यापर्यंत थांबू या.'' प्रश्न मुहूर्ताचा नसतो आणि पैशाचाही नसतो. गावातल्या फुटबॉल संघाचे वेळापत्रक अजून जाहीर झालेले नसते, एवढीच अडचण असते. शनिवारी लग्न ठेवले आणि नेमका रविवारी गावात सामना निघाला, तर पाहुण्यांना हॉटेलात खोली मिळणार नाही. जे येतील त्यांचेही अर्धे लक्ष दुसऱ्या दिवशीच्या सामन्याकडे!

अमेरिकेच्या विस्कॉन्सिन राज्यातील ग्रीन बे या गावी असे बोलणे कोणालाच वेडगळ वाटत नाही. तेथे लग्न, बाप्तिस्मा, सहल, आजोबांच्या गुडघ्याचे ऑपरेशन, सगळे काही 'पॅकर्स' संघाचे घरचे सामने पाहून ठरते. हा फुटबॉल म्हणजे पायाने खेळायचा आपल्या ओळखीचा फुटबॉल नव्हे. शिरस्त्राण आणि चिलखतासारखे गणवेश घातलेले धिप्पाड खेळाडू लंबगोल चेंडू हातात घेऊन एकमेकांवर तुटून पडतात, तो अमेरिकी फुटबॉल. पण गोष्ट खेळाची कमी आणि माणसांची जास्त आहे. तारखा थोड्या आणि हक्कदार अनेक, असा पेच पडला की माणसे काय करतात, त्याची ही गोष्ट आहे.

गाव लहान, संघ मोठा

ग्रीन बेची लोकसंख्या जेमतेम एक लाख सात हजार. अमेरिकेच्या राष्ट्रीय फुटबॉल लीगमध्ये न्यूयॉर्क, शिकागो, लॉस एंजेलिस अशा महानगरांचे संघ खेळतात. त्यांच्या पंक्तीत हे एवढेसे गाव बसले कसे, याचे नवल वाटते.

१९१९ साली कर्ली लॅम्बो या तरुणाने एका वार्ताहर मित्राच्या मदतीने हा संघ उभा केला. लॅम्बो जेथे नोकरीला होता, त्या मांस डबाबंद करणाऱ्या कंपनीने गणवेशासाठी पैसे दिले आणि त्यावरून संघाचे नाव पडले 'पॅकर्स'. सुरुवातीला मैदानाला कुंपण नव्हते, त्यामुळे तिकीटही नव्हते. प्रेक्षकांत टोपी फिरवून वर्गणी गोळा केली जाई. १९२३ मध्ये संघ आर्थिक अडचणीत आला, तेव्हा गावकऱ्यांनी पाच पाच डॉलरचे भाग विकत घेऊन त्याला तगवले. पुढे १९३५, १९५०, १९९७, २०११ आणि २०२१ मध्येही असेच भाग विकले गेले. आज या संघाचे पाच लाखांहून अधिक मालक आहेत. त्यांना लाभांश मिळत नाही आणि भाग नफ्याने विकताही येत नाहीत. इतकेच काय, मालक असूनही सामन्याचे तिकीट मिळेलच असे नाही. मिळते ते भिंतीवर लावायला एक प्रमाणपत्र आणि 'हा संघ आमचा आहे' असे म्हणण्याचा हक्क!

संघाचे मैदान 'लॅम्बो फील्ड' १९५७ साली सुरू झाले, तेव्हा तेथे ३२,५०० माणसे बसत. आता ८१,४४१ बसू शकतात. म्हणजे गावातल्या प्रत्येक चार माणसांमागे तीन जागा! २००० साली मैदानाच्या नूतनीकरणासाठी पैसा हवा होता, तेव्हा तेथल्या लोकांनी मतदान करून स्वतःवरच अर्ध्या टक्क्याचा जादा विक्रीकर बसवून घेतला आणि २०१५ पर्यंत तो भरला.

वर्षाकाठी दहाच

एवढे करून घरच्या मैदानावर सामने होतात किती? वर्षात फक्त दहा. त्यातलेही एक-दोन ऑगस्टमधले सरावाचे.

त्याचा हिशेब असा. लीगमध्ये ३२ संघ आहेत. २०२१ पासून प्रत्येक संघ सप्टेंबर ते जानेवारीच्या सुरुवातीपर्यंत अठरा आठवड्यांत सतरा सामने खेळतो आणि एक आठवडा विश्रांती घेतो. सतरा हा विषम आकडा, त्यामुळे घरी एका वर्षी आठ सामने आले तर पुढच्या वर्षी नऊ. आठ असतील तेव्हा घरी सरावाचे दोन सामने आणि नऊ असतील तेव्हा एक. बेरीज दहाच! संघाने चांगली कामगिरी केली, तर जानेवारीत बाद फेरीचा एखादा सामना नशिबाने पदरात पडतो, तो वेगळा.

कोणाशी खेळायचे, हे जानेवारीतच कळते. चार चार संघांचे आठ गट आहेत. आपल्या गटातल्या तिघांशी घरी एकदा आणि त्यांच्या गावी एकदा, असे सहा सामने ठरलेलेच. त्यामुळे शिकागो, डेट्रॉइट आणि मिनेसोटा हे जुने प्रतिस्पर्धी दरवर्षी पाहुणे म्हणून येणारच. दोन गट पाळीपाळीने बदलत जातात, त्यांतल्या प्रत्येक संघाशी एक, असे आठ. उरलेले तीन सामने मागच्या मोसमात आपापल्या गटात आपल्याच क्रमांकावर राहिलेल्या संघांशी. पाहुण्यांची यादी हाती येते, पण कोणता पाहुणा कधी येणार, ते अलीकडच्या वर्षांत मेमध्येच जाहीर होते.

तारखा ठरवण्याचे काम मात्र ग्रीन बेच्या हातात नाही. ते लीगच्या कचेरीत संगणकावर होते आणि त्यात दूरचित्रवाणी कंपन्यांची सोय मोठी असते. रविवारी दुपारचा सामना कुटुंबाच्या सोयीचा. सकाळी प्रार्थना, मग मैदानाबाहेर शेगडीवर भाजलेले सॉसेज, मग खेळ आणि रात्री लवकर घरी. पण मोठ्या लढती गुरुवार, रविवार किंवा सोमवारच्या रात्रीसाठी राखल्या जातात. रात्री सव्वासातच्या सुमारास सुरू झालेला सामना संपायला साडेदहा होतात. दुसऱ्या दिवशी मुलांची शाळा, मोठ्यांची नोकरी. शिवाय २००६ पासून लीगला रविवारचे सामने मोसमाच्या मध्यातही दुपारवरून रात्रीवर हलवता येतात आणि त्यासाठी साधारण बारा दिवसांची सूचना पुरते. दुपारचा बेत आखून पाहुण्यांना बोलावणाऱ्या गृहिणीला मग सगळा स्वयंपाकच पुढे ढकलावा लागतो.

एखादी तारीख तर गावातून उचलून परदेशीही नेली जाते. पॅकर्सचे अधिकारी पुष्कळ वर्षे आपला घरचा सामना देशाबाहेर न्यायला तयार नव्हते. कारण तो एक दिवस गेला, तर गावातली हॉटेले, खानावळी, दुकाने यांची मोठी कमाई बुडणार. नववा सामना मिळू लागल्यावर ते राजी झाले आणि ९ ऑक्टोबर २०२२ रोजी पॅकर्सचा एक 'घरचा' सामना लंडनमध्ये खेळला गेला. मैदानाशेजारी राहणाऱ्या लोकांनाही त्याचा फरक जाणवला असणार. एरवी सामन्याच्या दिवशी ते आपल्या अंगणात पाहुण्यांच्या मोटारी लावू देतात आणि चार पैसे मिळवतात.

जन्मतःच रांगेत

१९६० पासून लॅम्बो फील्डची सगळी मोसमी तिकिटे विकली गेलेली आहेत. मोसमी तिकीट म्हणजे आपल्या वाट्याच्या सर्व घरच्या सामन्यांचे एकत्र तिकीट. सरावाचा नीरस सामनाही त्यात आला आणि त्याचेही पैसे भरायचेच. एकदा जागा मिळाली की दरवर्षी पैसे भरून ती राखता येते. मग सोडणार कोण? प्रतीक्षायादीत एक लाखाहून अधिक नावे आहेत. बाळ जन्मले की काही आईबाप त्याचे नाव या यादीत घालतात. त्यातले कित्येक जण नातवंडे झाल्यावरच मैदानातल्या आपल्या जागेवर बसतील आणि कित्येकांचा नंबर त्यांच्या हयातीत लागणारही नाही.

ही जागा म्हणजे तरी काय? बऱ्याच भागांत पाठ टेकायलाही आधार नसलेला धातूचा लांब बाक आणि त्यावर रंगवलेला एक आकडा. हिवाळ्यात दोन्ही बाजूंचे शेजारी जाड कोट घालून आले की हातभर जागेची वीतभर होते. तरीही ती मृत्युपत्रात लिहून ठेवली जाते. नियमाप्रमाणे ती जवळच्या नातलगाच्या नावे करता येते. त्यामुळे आईवडिलांच्या मागे घर कोणाचे, शेत कोणाचे, या प्रश्नांबरोबर बाक कोणाचा, हाही प्रश्न उभा राहतो. भाऊ-बहिणींत अबोला धरायला तेवढे कारण पुरते. घटस्फोटाच्या वाटणीतही या जागांवरून वाद झाले आहेत.

मिल्वॉकीचा हिस्सा

असाच एक मोठा वाटपाचा प्रश्न या संघापुढे १९९४ मध्ये उभा राहिला होता. ग्रीन बेपासून दोन तासांच्या अंतरावर मिल्वॉकी हे राज्यातले सर्वांत मोठे शहर आहे. लहान गावाच्या गल्ल्यावर संघ चालेना, म्हणून १९३३ पासून पॅकर्स दरवर्षी आपले काही घरचे सामने मिल्वॉकीत खेळत असत. वाईट दिवसांत त्या शहराने संघाला हात दिला होता. पुढे लॅम्बो फील्ड वाढत गेले, सगळे सामने तेथेच खेळवणे फायद्याचे झाले आणि १८ डिसेंबर १९९४ रोजी पॅकर्स मिल्वॉकीत शेवटचा सामना खेळले.

साठ वर्षे तिकिटे काढणाऱ्या मिल्वॉकीकरांना 'आता तुमची गरज नाही' असे म्हणता आले असते. रांगेत उभे असलेले इतर हजारो लोक त्या जागा आनंदाने घ्यायला तयार होते. पण संघाने तसे केले नाही. तिकीटधारकांचे दोन भाग पाडण्यात आले. संघाचे रंग हिरवा आणि सोनेरी, त्यावरून एक हिरवा गट आणि दुसरा सोनेरी. हिरवा गट ग्रीन बेच्या जुन्या प्रेक्षकांचा आणि सोनेरी मिल्वॉकीकरांचा. घरच्या मोसमी सामन्यांतला दुसरा आणि पाचवा, शिवाय सरावाचा एक सामना सोनेरी गटाला देण्याचे ठरले. म्हणजे एकाच बाकावरची तीच जागा काही तारखांना एका घराची, तर काही तारखांना दोन तासांचा प्रवास करून येणाऱ्या दुसऱ्या घराची! ही माणसे एकमेकांना कधी भेटतही नसतील. पण वर्षानुवर्षे त्यांचा एकच बाक आहे. म्हणूनच वेळापत्रक आले की मिल्वॉकीत आधी दुसरा आणि पाचवा सामना शोधला जातो. तो सोमवारच्या रात्री आला, तर घरी परतायला मध्यरात्र उलटून जाणार हे ठरलेलेच.

वाटून घेतलेले सुख

संघाने जे दोन शहरांत केले, तेच घराघरांत करावे लागते. आजीच्या नावावर चार जागा आणि मुले, सुना, जावई, नातवंडे मिळून माणसे चौदा, असे चित्र तेथे नवलाचे नाही. मग मेच्या त्या संध्याकाळी टेबलावर कॅलेंडर पसरले जाते. ऑगस्टचा सरावाचा सामना लहानग्यांना. हवा छान, गर्दीचा ताण कमी, हरवण्याजिंकण्याची काळजी नाही. सप्टेंबरचे ऊन वडीलधाऱ्यांना. नोव्हेंबरच्या शेवटी हरणांच्या शिकारीचे नऊ दिवस असतात, तेव्हा शिकारीचा नाद असलेला जावई आपणहून मागे सरतो. डिसेंबरची थंडी तरुणांच्या वाट्याला. ३१ डिसेंबर १९६७ रोजी याच मैदानावर उणे २५ अंश सेल्सियसमध्ये अजिंक्यपदाचा सामना झाला होता. पंचांच्या शिट्ट्या गोठल्या होत्या आणि तरीही पन्नास हजारांहून अधिक लोक बसून होते. 'तेव्हा मी होतो' असे सांगणारा म्हातारा आजही घरात मान मिळवतो. शिकागोच्या सामन्यासाठी मात्र सगळेच हात वर करतात. तेथे चिठ्ठ्या टाकल्या जातात किंवा 'गेल्या वर्षी तू गेला होतास' हा जुना हिशेब निघतो.

या हिशेबात कटुता येऊ शकते आणि येतेही. पण ज्या घरांत आजी शहाणी असते, तेथे ती स्वतःची तारीख आधी सोडते. एखाद्या वर्षी ती आपली जागा गावात नव्याने आलेल्या शेजाऱ्याला देते, एखाद्या वर्षी रुसून बसलेल्या थोरल्या मुलाला आणि धाकट्याला मुद्दाम एकाच तारखेला शेजारी शेजारी बसवते. तीन तास खांद्याला खांदा लावून थंडीत कुडकुडल्यावर आणि एकाच थर्मासमधली कॉफी प्यायल्यावर अबोला टिकवणे कठीण जाते.

या तारखांचे मोल गावाला नेमके कळले ते २०२० मध्ये. महामारीमुळे त्या मोसमात सर्वसाधारण प्रेक्षकांना मैदान बंद होते. संघ खेळत होता, जिंकतही होता, दूरचित्रवाणीवर सगळे दिसत होते. पण बाक रिकामे होते. जानेवारी २०२१ मध्ये बाद फेरीसाठी काही हजार तिकीटधारकांना आत सोडले, तेव्हा त्या विशाल मैदानात विखरून बसलेली ती माणसे मूठभरच वाटत होती.

वेळापत्रक लीग ठरवते, वेळ दूरचित्रवाणी ठरवते, थंडी देव ठरवतो. त्यातले काहीच ग्रीन बेच्या माणसांच्या हातात नाही. शेजारी कोणाला बसवायचे, एवढेच काय ते त्यांच्या हातात असते. म्हणून मेच्या त्या संध्याकाळी कॅलेंडर भरून झाले तरी आजी एक तारीख रिकामी ठेवते. नावे सगळी पेनने लिहिलेली असतात. त्या चौकोनात मात्र पेन्सिलीने एक प्रश्नचिन्ह असते. त्या दिवशी कोणाला बोलवायचे, ते ती अजून कोणाला सांगत नाही.