धावणारा माणूस थांबतो तेव्हा

थनासिस वेंगोस मला उलट्या क्रमाने भेटला. आधी पाहिला तो थिओ अँजेलोपौलोसच्या ‘युलिसीस गेझ’मधला (१९९५) म्हातारा टॅक्सीवाला. बर्फात गाडी थांबवतो, खाली उतरतो, समोरच्या निसर्गाशी बोलतो आणि तोही आपल्यासारखाच एकटा म्हणून त्याच्याकडे एक बिस्किट फेकतो. आपला देश मरतो आहे, असं प्रवाशाला सांगतो. काम काही मिनिटांचं, पण तो चेहरा पिच्छा सोडेना.

मग कळलं, की ग्रीसमध्ये हा माणूस धावण्यासाठी ओळखला जातो. तिथे कुणाची फार धांदल चालली असेल तर ‘वेंगोससारखा धावतोय’ म्हणतात. त्याचे जुने कृष्णधवल विनोदपट मी शोधून पाहिले. टकलू, किडकिडीत, सतत पोटापाण्यामागे सुसाट सुटलेला. जोखमीच्या उड्याही स्वतःच मारायचा. जेम्स बाँडची टर उडवताना त्याने गुप्तहेराचा क्रमांक घेतला ‘०००’!

खूप हसलो. पण हा नेमका कशापासून पळतोय, हा प्रश्न हसतानाच पडला.

जन्म १९२७चा, पिरेयसजवळच्या निओ फालिरोचा. वडील नाझीविरोधी लढ्यात होते. युद्धानंतर त्यांची नोकरी गेली. यादवीच्या काळात थनासिसची लष्करी सेवा झाली ती मकरोनिसोस बेटावर, डाव्यांना ‘सुधारण्या’साठी उभारलेल्या छळछावणीत. तिथेच दिग्दर्शक निकोस कुंदुरोस भेटला आणि त्यानेच १९५४च्या ‘मॅजिक सिटी’त त्याला काम दिलं. पुढे वेंगोसने स्वतःची निर्मितीसंस्था काढली. ती कर्जात बुडाली.

हे समजल्यावर त्याची धावपळ वेगळी दिसू लागते. भूक, पोलीस, घरभाडं यांच्यापुढे चार पावलं राहण्याची ती धडपड आहे. १९७१च्या ‘थनासिस, युद्धात तू काय केलंस?’मध्ये तो नाझी अंमलाखालचा साधा, भेदरलेला माणूस झाला. तेव्हा ग्रीसवर लष्करी हुकूमशहांची सत्ता होती. प्रेक्षकांना काय ते समजलं असणार.

नव्वदच्या दशकात तो टीव्हीवर पोलीस अधिकारी बनून घराघरात पोचला. २००९मध्ये, मृत्यूच्या दोन वर्षं आधी, पाँदेलिस वुलगारिसच्या यादवी युद्धावरच्या चित्रपटात छोटीशी भूमिका केली. ज्या काळाने त्याला बेटावर धाडलं, त्याच काळात तो पडद्यावर परतला.

विनोदी नटाने गंभीर भूमिका केली की आपण ‘अष्टपैलू’ म्हणून मोकळे होतो. वेंगोसच्या बाबतीत मला हा शब्द पुरेसा वाटत नाही. टॅक्सीवाला आणि तो धावरा एकच माणूस आहे. अँजेलोपौलोसने त्याला फक्त थांबू दिलं, आणि इतकी वर्षं मागे लागलेलं सगळं त्या बर्फात त्याला येऊन गाठलं.