मुसीपलीकडचा हलीम

नगराचा इतिहास वाचावयाचा असेल तर ग्रंथालयात जावे आणि तो चाखावयाचा असेल तर संध्याकाळी त्या नगराच्या जुन्या बाजारात जावे, असे आम्ही आमच्या विद्यार्थ्यांना नेहमी सांगत आलो आहोत. हैदराबादेपुरते बोलावयाचे तर या दुसऱ्या प्रकारच्या अध्ययनाला रमजानच्या महिन्याइतका योग्य काळ नाही. त्या महिन्यात जुन्या शहराला जो एक विशिष्ट गंध असतो तो तुपात तळलेल्या कांद्याचा, लाकडाच्या धुराचा आणि तासन्‌तास शिजणाऱ्या गव्हाचा असतो. हा गंध म्हणजे हलीम.

हलीम म्हटले की आपल्या पुष्कळ भगिनींना बाळंतिणीच्या लाडवांत घालावयाच्या हळिवाची आठवण होते. त्या इवल्याशा लाल बियांचा आणि या पदार्थाचा काही संबंध नाही. हा हलीम म्हणजे गहू, डाळी आणि मांस एकत्र शिजवून, एकजीव होईपर्यंत घोटून केलेला दाट पदार्थ होय. अरबी भाषेत ‘हलीम’ या शब्दाचा एक अर्थ सहनशील, शांत वृत्तीचा असा आहे. पदार्थाला हे नाव कशामुळे पडले याची चर्चा विद्वानांनी करावी. तो करणाराच्या अंगी मात्र हा गुण असावाच लागतो.

सुलतान बाजार व काचीगुडा या बाजूस आपल्या मराठी मंडळींची वस्ती पिढ्यान्‌पिढ्यांची. तिथून दक्षिणेकडे निघावे. अफजलगंज मागे टाकून नया पुलावर आले की मुसी नदी लागते. अलीकडच्या तीरावर उस्मानिया रुग्णालयाची जुनी वास्तू, पलीकडे उच्च न्यायालयाचे लाल घुमट. १९०८ साली याच नदीने रौद्र रूप धारण करून शहराची धूळधाण केली होती. आज तिच्याकडे पाहून त्यावर विश्वास बसत नाही. पूल ओलांडला की मदिना चौक, पुढे पत्थरगट्टीच्या दगडी कमानी, मग चार कमान आणि शेवटी १५९१ साली उभा राहिलेला चारमिनार. एरवी ही पायपीट अर्ध्या तासाची. रमजानच्या संध्याकाळी किती वेळ लागेल ते गर्दीने ठरवावे.

वाटेत दुकानांपुढे विटामातीच्या भट्ट्या रचलेल्या असतात आणि त्यांत मोठमोठ्या देगा गळ्यापर्यंत बसविलेल्या असतात. खाली मंद लाकूडजाळ. दोन तगडे गडी समोरासमोर उभे राहून लांब दांड्याची लाकडी मुसळे त्या देगेत फिरवीत असतात. सकाळपासून हे काम चाललेले असते. संध्याकाळपर्यंत गव्हाचा दाणा व मांसाचा धागा यांतले अंतर नाहीसे होते. मग वाडग्यात तो दाट हलीम, वरून तुपाची धार, कुरकुरीत तळलेला कांदा, कोथिंबीर, पुदिना आणि लिंबाची फोड. २०१० साली हैदराबादी हलीमला भौगोलिक निर्देशनाचा दाखला मिळाला. भारतात मांसाच्या पदार्थाला असा मान मिळण्याचा तो पहिला प्रसंग.

या पदार्थाचे मूळ पाहावयाचे तर चारमिनारच्याही दक्षिणेस काही मैल जावे लागते. तिथे बारकस नावाची वस्ती आहे. निजामाच्या पदरी असलेल्या अरब सैनिकांच्या बराकी तिथे होत्या. ‘बॅरक्स’चे ‘बारकस’ झाले. हे सैनिक बहुतांशी येमेनमधील हद्रमौत प्रांतातून आलेले. त्यांच्या घरोघरी ‘हरीस’ शिजे आणि आजही शिजतो. अरबी धातूचा अर्थच मुळी ‘कुटणे’ असा आहे. गहू आणि मांस, मीठ आणि तूप, मसाला जवळजवळ नाहीच. काही जण त्यावर साखर घालूनही खातात. हा हरीस फार प्राचीन. दहाव्या शतकातील बगदादच्या पाककृतींच्या ग्रंथात तो आढळतो. दक्षिणेत येऊन त्याला मिरची, आले, लसूण, कबाबचिनी, शहाजिरे असा दख्खनी साज चढला आणि हैदराबादी हलीम सिद्ध झाला.

आणखी एक पुरावा आम्हांला महत्त्वाचा वाटतो. चारमिनार उभा राहिला त्याच दशकात, तिकडे उत्तरेत अबुल फजल ‘ऐन-इ-अकबरी’ लिहीत होता. त्यात बादशाही मुदपाकखान्याची मापे दिलेली आहेत. हरीसाला दहा शेर मांस, पाच शेर भरडलेला गहू आणि दोन शेर तूप. हलीमची नोंद त्याच यादीत वेगळी आहे. तिथे तूप एकच शेर, आणि सोबत सलगम, गाजर व पालक! म्हणजे चारशे वर्षांपूर्वीच्या शाही हलीममध्ये तूप हरीसाच्या निम्मे होते आणि भाज्याही होत्या. तुपाचे तळे साचल्याखेरीज हलीम नव्हे असे जे आज मानले जाते, त्याला किमान या ग्रंथाचा तरी आधार नाही.

हे सर्व पुराण आम्ही का लावीत आहोत, असे वाचक विचारतील. त्याला कारण आहे.

आमच्याबरोबर एकाच शाळेत पुष्कळ वर्षे उर्दू शिकविलेले आमचे एक स्नेही आहेत. आम्ही त्यांना मौलवीसाहेब म्हणतो, ते आम्हांला हेडमास्टरसाहेब म्हणतात. दोघांनाही ही नावे आता घरच्यांनीच लावून दिली आहेत. रमजानात एका संध्याकाळी त्यांच्या घरून हलीमचा डबा आमच्याकडे यावा आणि दिवाळीत आमच्याकडून करंज्यांचा डबा तिकडे जावा, हा परिपाठ कधी चुकला नाही. २०२२ साली त्यांना हृदयविकाराचा झटका आला. जीव वाचला, पण डॉक्टरांनी मटण बंद केले, तुपाला मोजमाप लावले आणि रोजे ठेवण्यासही मनाई केली. पुढच्या रमजानात इफ्तारच्या वेळी सारे घर दस्तरखानाभोवती बसे आणि मौलवीसाहेब शेजारच्या खोलीत पपईची बशी घेऊन बसत. पथ्याचे त्यांना दुःख नव्हते. भरल्या पंक्तीतून आपल्याला उठविले, असे मात्र त्यांना वाटू लागले होते. हळूहळू ते नातेवाइकांकडे जाणेही टाळू लागले.

रोग्याला पथ्याचे अन्न करून घालणे सोपे असते, त्याला पंक्तीत बसविणे कठीण असते. हे कठीण काम त्यांच्या बेगमसाहेबांनी, म्हणजे आमच्या भाभींनी, आणि आमच्या सौभाग्यवतींनी अंगावर घेतले. मटणाऐवजी कोंबडी, सडलेल्या गव्हाऐवजी कोंड्यासह भरडलेला दलिया व थोडे जव, आणि तूप केवळ वासापुरते, असा बेत ठरला. मौलवीसाहेबांच्या डॉक्टरांना विचारून त्यांची संमतीही घेण्यात आली.

कोंबडीचा हलीम हा हलीमच नव्हे, असे म्हणणारे जाणकार या शहरात पैशाला पासरी मिळतात. त्यांना आमचे एकच सांगणे आहे. धान्य आणि मांस कुटून शिजविण्याची ही रीत बगदादपासून काश्मीरपर्यंत पसरलेली आहे. आर्मेनियातही ‘हरिसा’ हा राष्ट्रीय पदार्थ मानला जातो आणि तिथे तो गहू व कोंबडी यांचाच सर्रास करतात. तेव्हा कोंबडी ही काही आजच्या पथ्यवाल्यांची लबाडी नव्हे. पदार्थाचा प्राण धान्यात आणि घोटण्यात आहे.

कृती अशी. सहा माणसांसाठी दोन वाट्या गव्हाचा दलिया, अर्धी वाटी जव, आणि चणा, मूग व मसूर या डाळी प्रत्येकी दोन चमचे घ्याव्यात. जव रात्रभर व बाकीचे दोन तास भिजवावे. मग दहा वाट्या पाणी, थोडी हळद व दोन हिरव्या मिरच्या घालून कुकरमध्ये ठेवावे. शिट्या झाल्यावर आच अगदी मंद करून आणखी अर्धा तास शिजू द्यावे. दाणा बोटांत धरला असता सहज विरला पाहिजे.

कोंबडीचे मांस लवकर शिजते, गहू शिजता शिजत नाही. म्हणून या हलीममध्ये दोहोंना आरंभी वेगवेगळे ठेवावे लागते. पाऊण किलो कोंबडी घ्यावी. तिच्यात तंगडीचे भाग अधिक असावेत, कारण छातीचे मांस कोरडे पडते. चरबी मुख्यतः कातडीत असते, म्हणून कातडी काढून टाकावी. तुकडे मोठे असावेत. बारीक तुकड्यांत हाडांच्या कपच्या निघतात आणि त्या हलीममध्ये सापडणे कठीण. वाटीभर दही, आलेलसूण, मिरपूड, शहाजिरे, दालचिनी, वेलदोडे व चिमूटभर कबाबचिनी लावून कोंबडी तासभर मुरू द्यावी. एक चमचा तेलावर कांदा परतून त्यात ती घालावी व तीन वाट्या पाण्यात झाकून शिजवावी. मांस हाडापासून सुटले की हाडे बाजूस काढावीत, पण लगेच टाकू नयेत. तीच हाडे रश्श्यात आणखी वीस मिनिटे उकळून मग काढली म्हणजे, मटणाच्या हलीमला जो चिकटपणा सहज येतो त्याचा थोडा अंश इथेही मिळतो.

आता मांस, रस्सा व शिजलेले धान्य एकत्र करून मंद आचेवर ठेवावे आणि लाकडी रवीने किंवा डावाच्या पाठीने अर्धा तास घोटावे. यंत्रात फिरविण्याचा मोह टाळावा. यंत्राने मांसाचे धागे तुटतात आणि सारे खळीसारखे होते. हाताने घोटल्यास धागा राहतो व गव्हात गुंततो. दाट वाटल्यास गरम पाणी घालावे. शेवटी सहा जणांत मिळून दोन लहान चमचे तूप, आणि तळलेल्या कांद्याऐवजी तव्यावर थेंबभर तेलात मंद भाजलेला कांदा. पुदिना, कोथिंबीर व लिंबू यांना मर्यादा नाही.

जवामध्ये जो विशिष्ट चोथा असतो तो रक्तातील घातक चरबी कमी करण्यास साहाय्य करतो, हे आता वैद्यकशास्त्राने मान्य केले आहे. तथापि ज्यांना मीठ वा प्रथिने यांचेही बंधन आहे, त्यांनी आपल्या डॉक्टरांचा सल्ला घ्यावा.

ती देगची चढली भाभींच्याच चुलीवर. कोंबडीही त्यांनी आपल्या नेहमीच्या दुकानातून आणविली. घोटण्यास आमच्या सौभाग्यवती होत्या. इफ्तारच्या वेळी दस्तरखानावर एकच भांडे ठेवण्यात आले आणि साऱ्या घराने तोच हलीम घेतला. मौलवीसाहेबांसाठी वेगळे ताट नव्हते, हीच त्या दिवसाची थोरवी. त्यांनी पहिला घास घेतला आणि काही काळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, “हेडमास्टरसाहेब, गोश्त नाही हे कळते. पण हलीम आहे, हेही कळते.” भाषेच्या शिक्षकाने दिलेला हा अभिप्राय आम्हांला कोणत्याही प्रमाणपत्राहून मोलाचा वाटतो. तेव्हापासून त्या घरी रमजानात आठवड्यातून एकदा हाच हलीम होतो आणि त्याचा डबा पूर्वीप्रमाणेच मुसी ओलांडून आमच्याकडे येतो.

आपल्या वाचकांपैकी अनेकांच्या घरी मांसाहार नाही, हे आम्ही जाणतो. त्यांनीही एकदा बारकसच्या हरीसाची साखर घातलेली रीत मनात आणावी आणि मग आपल्या आजीची गव्हाची खीर आठवावी. गहू ओलसर करून उखळात सडणे, रात्रभर भिजविणे, मंद आचेवर शिजविणे, घोटणे, वर तूप सोडणे. मांस वगळले तर राहिले काय वेगळे? एक धान्य हद्रमौतहून आलेल्या शिपायाच्या देगेत शिजले, तेच मराठवाड्यातून आलेल्या गृहिणीच्या पातेल्यात शिजले, आणि मध्ये फक्त एक नदी होती. त्या नदीवर पूल आहे. वाचकांपैकी कोणाच्या घरी पथ्यामुळे पंक्तीबाहेर बसलेले वडीलधारे माणूस असेल, तर त्याच्या आवडीच्या पदार्थाचा प्राण कशात आहे हे एकदा शोधून पाहावे. बहुधा तो तुपात नसतो.