लग्नाला या, सुती नेसून



लेकीचं लग्न फाल्गुनात, अष्टाह्निका पर्व सुरू व्हायच्या आधी पार पडलं. पाहुणे मोजून साठ. नाशिकजवळ नात्यातल्या एका द्राक्षमळ्यात मांडव, लग्न सकाळचं, आणि सगळी जेवणं सूर्य मावळायच्या आत. कांदा-लसूण आणि कंदमुळं नाहीत, हे तर ठरलेलंच. जेवणाची यादी एका संध्याकाळी झाली. घोडं अडलं ते पाहुण्यांनी काय घालावं यावर.

लेकीला हवे होते फिकट रंग. मला हवी होती पैठणी. सगळ्या बायकांनी पैठणी नेसायची, एका ओळीत उभं राहायचं, फोटो काढायचा. येवला आपल्याच जिल्ह्यातलं, नाशिकपासून ८०-८५ किलोमीटरवर. २०१० साली पैठणीला भौगोलिक मानांकन मिळालं तेव्हा आपल्याच घरातलं कोणी पहिलं आल्यासारखं वाटलं होतं मला. शिवाय माझ्या कपाटात आईने दिलेली पैठणी आहे. पोपटी रंग, जांभळे काठ, पदरावर मोर. माझ्या लग्नात आईने भिशीच्या पैशांतून घेतली होती. लेकीच्या लग्नात ती नेसायची, हे मी तिच्या जन्मापासून मनात धरलं होतं.

मी हे बोलले तेव्हा सासूबाई तांदूळ निवडत होत्या. काही बोलल्या नाहीत. रात्री मात्र म्हणाल्या, "अगं, मला फोटोत नको घेऊस. मी जेवणाकडे बघेन."

मग आठवलं. बावीस वर्षांपूर्वी म्हसरूळला, गजपंथाच्या पायथ्याशी एका माताजींकडे त्यांनी रेशमाचा त्याग केला होता. मला हे माहीत होतं आणि तरी मी विसरले होते. पुतण्याच्या लग्नातही बायकांचा पैठणीचा ठराव होता, तेव्हा त्या दिवसभर आचाऱ्यांपाशी बसून होत्या. मला वाटलं होतं गुडघे दुखत असतील.

रेशीम कसं होतं हे आपल्याला ऐकून माहीत असतं, पण आपण त्यावर थांबत नाही. तुतीची पानं खाऊन वाढलेली अळी स्वतःभोवती एकसलग धागा गुंडाळते. एका कोषात शेकडो मीटर धागा असतो. आतला पतंग बाहेर पडू दिला तर तो कोष फोडतो आणि धागा सलग राहत नाही. म्हणून त्याआधीच कोषांना वाफ किंवा गरम हवा देऊन जीव मारतात, मग गरम पाण्यात टाकून धागा उलगडतात. एक किलो कच्च्या रेशमामागे पाच-सहा हजार कोष लागतात. पाण्याचा थेंब गाळून पिणाऱ्या आपण. आणि सणावाराला मात्र याच रेशमाला 'सोवळ्याचं' म्हणतो.

सासूबाईंना मी विचारलं, "आई, मग माझ्या आईची पैठणी? तिचं काय करू?"

त्या म्हणाल्या, "ती तुझ्या आईने प्रेमाने दिलीय. नेसायची की नाही ते तू ठरव. पण साठ जणांना सांगून नेसायला लावणं वेगळं."

कृत, कारित, अनुमोदना. स्वतः करणं, दुसऱ्याकडून करवणं, केलेल्याला संमती देणं. पाठशाळेत लहानपणी घोकलेलं हे, पण लग्नाच्या पत्रिकेशी त्याचा काही संबंध असेल असं कधी वाटलं नव्हतं. कपाटातल्या साडीत झालं ते होऊन गेलं. पण 'सर्वांनी पैठणी नेसावी' असं मी लिहिलं असतं, तर ज्यांच्याकडे नाही त्या दुकानात गेल्या असत्या. ते करवणं माझं झालं असतं.

त्याच आठवड्यात पुतणीचा फोन आला. "काकू, पैठणीच नेसायची असं ऐकलं. भाड्याने कुठे मिळते का गं?" पैठणी काही हजारांपासून लाखांपर्यंत जाते. तिच्या घरची परिस्थिती मला माहीत आहे. ज्या पोरीने माझ्या लेकीला कडेवर खेळवलं, तिला मी लग्नाला यायचंच ओझं करून ठेवलं होतं.

मधला मार्गही शोधून पाहिला. हैदराबादचे कुसुमा राजय्या यांनी पतंग बाहेर पडल्यावर उरलेल्या कोषांपासून सूत काढायची पद्धत बसवली, तिचं पेटंटही घेतलं. ते 'अहिंसा रेशीम'. त्याला नेहमीच्या रेशमासारखी चकाकी नसते आणि ते महागही पडतं. ईशान्येकडच्या एरी रेशमाचा कोष एका बाजूने उघडा असतो, पतंग न मारताही सूत निघतं. पण तिकडे आतला जीव खाण्याचीही रीत आहे, म्हणून एरी म्हटलं की डोळे झाकून घेऊ नये. विचारून घ्यावं. दुकानात 'सिल्क' म्हणून दिलेलं काय आहे याची शंका असेल तर आतल्या बाजूचा एक धागा काढून जाळून पाहा. केस जळल्यासारखा वास आला तर रेशीम, कागदासारखा आला तर सूत, आणि वितळून कडक मणी झाला तर कृत्रिम धागा.

येवल्याच्या विणकरांचा विचारही मनात आला. त्यांच्या पोटावर पाय देऊन अहिंसा कसली? म्हणून लेकीसाठी पैठणीच्या नक्षीची सुती साडी शोधून घेतली. तिथेही नक्षीचा धागा कशाचा ते विचारावं लागलं. काहींमध्ये अंग सुती आणि मोर रेशमाचा असतो.

शेवटी निरोप लिहायला बसले. मी आधी रेशमावर चार ओळी लिहिल्या होत्या. सासूबाईंनी वाचायला लावल्या आणि म्हणाल्या, "आमंत्रणात प्रवचन नको. माणसं आशीर्वाद द्यायला येतायत." मग निरोप असा गेला:

"जय जिनेंद्र. लग्न सकाळी, मोकळ्या मांडवात आहे, ऊन असेल. सुती कपडे घालून या, साडी, ड्रेस, कुर्ता, काहीही. रंग हलके असावेत: हळदी, पिस्ता, गुलाबी, आकाशी. पांढरं नेसणाऱ्यांनी पांढरंच नेसावं. नवीन काही घेऊ नका. चामड्याचा पट्टा, पर्स घरीच राहू द्या."

पांढऱ्याची ओळ आत्याबाईंसाठी होती. काकांच्या मागे त्यांनी रंग सोडले, आणि लग्नाच्या फोटोत कोपऱ्यात उभ्या राहतात. फिकट रंगांचा हट्ट लेकीचा होता. त्याचा उपयोग असा झाला की त्यांचं पांढरं त्यात सहज मिसळून गेलं.

लग्नाच्या दिवशी एक मावशी पैठणी नेसून आल्या. निरोप त्यांच्यापर्यंत पोचलाच नव्हता. सगळ्यांना पाहून त्या दारातच बावरल्या. मी काही बोलायच्या आत सासूबाई उठल्या, त्यांचा हात धरला, स्वतःशेजारी बसवलं आणि त्यांच्या नातवंडांची चौकशी करू लागल्या. साडीबद्दल अवाक्षर नाही. निरोपात काय लिहायचं हे मी चार दिवस ठरवत होते. धर्म म्हणून जे मला म्हणायचं होतं, ते त्यांनी एका मिनिटात करून दाखवलं.

फोटोत सासूबाई मधोमध आहेत. एका बाजूला पांढऱ्या साडीतल्या आत्याबाई, दुसऱ्या बाजूला पैठणीतल्या मावशी, मागे पुतणी. तिने आपल्या आईची जुनी सुती साडी नेसली होती.

आणि माझी पैठणी? त्या पहाटे कपाट उघडलं, मलमलीची घडी सोडली, पदरावर हात फिरवला आणि परत ठेवली. वाईट वाटलं, खोटं कशाला सांगू. आईची आठवण अंगावर घ्यायची राहून गेली. सासरी जाताना लेकीने विचारलं, "आई, ती पोपटी मला देशील ना?"

अजून उत्तर दिलेलं नाही. द्यायची तर तिच्या मागचं सगळं सांगून द्यावी लागेल, आजीच्या नियमासकट आणि माझ्या आईच्या भिशीसकट. मग नेसायची की नाही ते तिचं तिने ठरवावं.