बसल्या बसल्या दोन कळसूबाई

एप्रिल-मे महिना जवळ आला की दवाखान्यात एक प्रश्न हमखास येतो. बीपी तपासून झालेलं असतं, गोळ्यांची चिठ्ठी हातात पडलेली असते आणि उठता उठता काका किंवा काकू विचारतात, "डॉक्टर, मुलगा युरोपच्या सहलीला पाठवतोय. त्यात ते बर्फावर रेल्वेने जायचं आहे. आम्हाला झेपेल ना?"

ते बर्फावरचं ठिकाण बहुतेक वेळा स्वित्झर्लंडमधलं जुंगफ्राऊयोख असतं. मी स्वतः पुण्याहून निघालेल्या एका ग्रुपबरोबर तिथे जाऊन आलो. तेव्हापासून या प्रश्नाचं उत्तर देताना मी वय विचारत नाही. मी विचारतो, "घरचे दोन जिने न थांबता चढता का? चढताना छातीत काही होतं का?" असं का, ते सांगतो.

आधी ठिकाणाविषयी. जुंगफ्राऊ हे ४१५८ मीटर उंच शिखर आहे. रेल्वे शिखरावर जात नाही, जुंगफ्राऊ आणि म्योंख या दोन शिखरांमधल्या खिंडीपर्यंत जाते. हे स्टेशन ३४५४ मीटरवर आहे, युरोपातलं सर्वांत उंच. आपलं कळसूबाई १६४६ मीटर. दोन कळसूबाई एकावर एक ठेवल्या तरी हे स्टेशन त्यांच्या वरच राहतं. सकाळी नाश्ता करून आम्ही इंटरलाकेनहून निघालो, तेव्हा उंची होती अवघी ५६७ मीटर. लाउटरब्रुनेनचे धबधबे, वेंगनची लाकडी घरं, क्लायने शायडेकला गाडीची अदलाबदल, मग आयगर पर्वताच्या पोटातून जाणारा सुमारे सात किलोमीटरचा बोगदा. दोन-सव्वादोन तासांत आम्ही वर होतो, तेही एक पाऊल न चढता. खरी मेख इथेच आहे. गाडी चढते, शरीर बसूनच असतं, त्यामुळे आपण चढलो आहोत हे मनाला पटतच नाही.

"वर ऑक्सिजन कमी असतो" असं आपण म्हणतो. खरं तर हवेतलं ऑक्सिजनचं प्रमाण वरही २१ टक्केच असतं. कमी होतो तो हवेचा दाब. समुद्रसपाटीला तो पाऱ्याच्या ७६० मिलिमीटरइतका, तर जुंगफ्राऊयोखला सुमारे ४९० असतो. नळ तोच, पाणीही तेच, पण टाकीच खाली आली तर धार बारीक होते, तसं हे आहे. प्रत्येक श्वासात ऑक्सिजनचे कण साधारण दोन तृतीयांशच येतात. ही तूट भरून काढायला श्वास खोल आणि जलद होतो, हृदयाचे ठोके वाढतात. निरोगी माणसाला हे जाणवतही नाही. ज्याच्या हृदयाला रक्तपुरवठा आधीच जेमतेम आहे, त्याच्यासाठी मात्र हे जादा काम असतं.

ही शंका रेल्वे बांधण्याआधीही लोकांना आली होती. झुरिचचे उद्योजक अडोल्फ गुयर-त्सेलर यांना या रेल्वेची कल्पना १८९३ मध्ये सुचली. माणसं इतक्या वेगाने इतक्या उंचीवर नेली तर त्यांना काही होणार नाही ना, हा प्रश्न सरकारने बर्नचे शरीरक्रियाशास्त्रज्ञ ह्यूगो क्रोनेकर यांच्याकडे सोपवला. रेल्वे तर अजून नव्हती! मग १८९४ मध्ये त्यांनी वेगवेगळ्या वयाच्या काही जणांना हमालांकरवी उचलून ब्राइटहॉर्न पर्वतावर सुमारे ३७५० मीटरपर्यंत नेलं आणि त्यांची नाडी, श्वास तपासला. निष्कर्ष असा की स्वस्थ बसलेल्या निरोगी माणसांना त्रास होत नाही, पण थोडी हालचाल केली की नाडी धावू लागते आणि धाप लागते. म्हणून निरोगी माणसांना वर न्यायला हरकत नाही, मात्र त्यांनी तिथे श्रम करू नयेत. १८९६ मध्ये काम सुरू झालं आणि १ ऑगस्ट १९१२ रोजी रेल्वे वरपर्यंत पोचली. गुयर-त्सेलर १८९९ मध्येच वारले होते. क्रोनेकर यांचा सल्ला आज सव्वाशे वर्षांनंतरही तसाच्या तसा लागू आहे.

आता आमच्या ग्रुपमधल्या दोघांची गोष्ट. दोघांच्या परवानगीने आणि ओळख कळणार नाही अशा बेताने लिहितो आहे.

पहिल्या होत्या ७२ वर्षांच्या एक काकू. बीपी, मधुमेह, गुडघेदुखी. आदल्या दिवशी दुपारीच त्या गोळ्यांची पिशवी घेऊन माझ्याकडे आल्या. "मी खालीच बसू का? उगाच माझ्यामुळे सगळ्यांचा खोळंबा नको." त्यांची साखर आटोक्यात होती, बीपी व्यवस्थित होतं. घरी रोज तिसऱ्या मजल्यावर चढून जातात, गुडघा कुरकुरतो पण दम लागत नाही. मी म्हटलं, "काकू, खुशाल चला. फक्त हळू चालायचं."

दुसरे एक ५७ वर्षांचे गृहस्थ. दुकानदार, हसतमुख, कुठलीही गोळी चालू नाही. त्यांनी मला काहीच विचारलं नाही. संध्याकाळी जेवून आम्ही सगळे हॉटेलकडे चालत निघालो, तेव्हा ते दर काही पावलांवर घड्याळांच्या दुकानासमोर थांबत होते. तिसऱ्या वेळी मी त्यांच्या चेहऱ्याकडे पाहिलं. थंडीत कपाळावर घाम होता आणि हात छातीवर. "काही नाही डॉक्टर, आठ-दहा दिवस जरा ॲसिडिटी आहे. चाललं की होते, थांबलं की जाते."

चालल्यावर येणारी आणि थांबल्यावर जाणारी ॲसिडिटी नसते. असं दुखणं हृदयाचं आहे असंच आधी धरायचं असतं. त्यात ते नव्याने सुरू झालेलं आणि दिवसागणिक वाढत असेल तर एक दिवसही थांबायचं नसतं. मी टूर मॅनेजरना बोलावलं आणि लगेच रुग्णालयात जाऊ म्हटलं. गृहस्थ नाराज झाले. "एवढे पैसे भरलेत, उद्याचा तर मुख्य दिवस. पुण्याला गेल्यावर दाखवतो ना." मी त्यांना इतकंच म्हटलं, "उद्या गाडी तुम्हाला बसवून वर नेईल. तुमच्या हृदयाला मात्र वर गेल्यावर बसता येणार नाही." त्यांच्या पत्नीने एक शब्द न बोलता खोलीतून पासपोर्ट आणि इन्शुरन्सचे कागद आणले.

ईसीजीमध्ये बदल दिसले. त्याच रात्री त्यांना बर्नला हलवलं आणि अँजिओप्लास्टी झाली. हृदयाची एक मुख्य रक्तवाहिनी बरीच अरुंद झालेली होती. आज ते ठणठणीत आहेत. भेटले की म्हणतात, "डॉक्टर, आमचं जुंगफ्राऊ राहिलंच!"

काकू मात्र वर आल्या. वाटेत आइसमेअर या ३१६० मीटरवरच्या बोगद्यातल्या स्टेशनवर गाडी पाच मिनिटं थांबते. काचेतून हिमनदी बघायला आणि फोटो काढायला झुंबड उडते. धाप लागायची पहिली वेळ हीच. आमचे टूर मॅनेजर आधीच बजावत होते, "पळू नका, गाडी तुम्हाला सोडून जाणार नाही." काकू खरोखर हळू चालल्या. लिफ्टने स्फिंक्सच्या सज्जावर पोचल्या, समोर आलेच हिमनदी पसरलेली पाहिली आणि बराच वेळ काही बोलल्याच नाहीत.

मग कोणीतरी ऑक्सिमीटर काढला. काकूंचा आकडा ८७ आला आणि त्या घाबरल्या. करोनात ९४ च्या खाली म्हणजे दवाखाना, हे आपल्या सगळ्यांच्या मनात घट्ट बसलं आहे. माझाही आकडा ८९ होता. या उंचीवर निरोगी माणसाचाही आकडा ९० च्या आसपास किंवा थोडा खाली येतो, कारण हवाच विरळ असते. शिवाय बोटं गार पडली की यंत्र चुकीचा आकडा दाखवतं. काकूंना बसवलं, हात चोळून गरम केले, सावकाश खोल श्वास घ्यायला लावले. आकडा ९१ झाला. वर आकड्यापेक्षा माणसाकडे बघावं. बोलताना दम लागतो का, छातीत दुखतं का, चालताना तोल जातो का, हे महत्त्वाचं.

इतक्या उंचीवर जाऊनही बहुतेकांना त्रास का होत नाही? कारण आपण दोन-तीन तासांत खाली येतो. उंचीचा त्रास, म्हणजे डोकेदुखी, मळमळ, गळून जाणं, हा बहुधा काही तासांनी सुरू होतो. फुप्फुसात किंवा मेंदूत सूज येण्याचा गंभीर प्रकार सहसा मुक्कामानंतर दिसतो. लेह जवळपास याच उंचीवर आहे, पण तिथे आपण विमानाने उतरून रात्री झोपतो. म्हणून "जुंगफ्राऊला काही झालं नाही, आता लेहलाही होणार नाही" हा हिशेब चुकीचा आहे.

वर जाणं कोणी टाळावं? ज्यांना अलीकडे हार्ट अटॅक आला आहे किंवा अँजिओप्लास्टी झाली आहे, चालताना छातीत दुखतं, हार्ट फेल्युअरमुळे थोड्या श्रमाने दम लागतो, बीपी आटोक्यात नाही, फुप्फुसाचा गंभीर आजार आहे किंवा घरी ऑक्सिजन लागतो, हिमोग्लोबिन फार कमी आहे किंवा सिकलसेल आजार आहे, त्यांनी आपल्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय जाऊ नये. गरोदर स्त्रियांनी आणि तान्ह्या बाळाच्या आईवडिलांनीही आधी विचारावं.

बाकीच्यांसाठी थोडक्यात: रोजच्या गोळ्या चुकवू नका. पाणी पीत राहा. वर लघवी जास्त होते, ते नैसर्गिक आहे. दारू नको, पोटाला तडस लागेल असं जेवण नको. इन्शुलिन कोटाच्या आतल्या खिशात ठेवा, ते गोठलं तर निकामी होतं. काळा चष्मा हवाच, कारण ताजा बर्फ बरेचसे अतिनील किरण परत फेकतो. कापूर हुंगल्याने रक्तातला ऑक्सिजन वाढत नाही. उंचीच्या त्रासाची गोळी एका दिवसाच्या सहलीला सहसा लागत नाही. ग्रुपमध्ये कोणी वाटली म्हणून घेऊ नका. डोकं दुखू लागलं, गरगरलं तर बसा, सोबत्यांना सांगा आणि पुढच्या गाडीने खाली उतरा. उंचीच्या त्रासावर खाली उतरण्यासारखं औषध नाही. छातीत दुखलं तर गाडीची वाट न बघता तिथल्या कर्मचाऱ्यांना लगेच सांगा.

आणि निघण्यापूर्वी दोन जिने चढून बघा. काही जाणवलं तर ते इथेच, आपल्या डॉक्टरांना सांगा. तिकीट पुढच्या वर्षीचंही काढता येतं.