तिसरीचा आकडा

असोद्याला आमच्या अंगणात कपाशीच्या काड्यांवर भरिताची वांगी भाजली जात असताना निघत नाही असा विषय नाही. पण यंदा दिवाळीत चक्क गोल्फ निघाला! भाची कॅनडाहून आली होती. तिकडे 2014 साली अठरा वर्षांपर्यंतच्या हौशी मुलींची जागतिक सांघिक स्पर्धा सुरू झाली, तिची हकिगत ती सांगत होती. देशागणिक तीन मुली, खेळ चार दिवसांचा. रोज अठरा खळग्यांत चेंडू घालायचा आणि टोले मोजायचे. आकडा जितका लहान तितका चांगला. (मी कॉलेजात मराठीचे पेपर तपासते, तिथे मुलांना हा नियम फार आवडेल.) तिघींपैकी चांगले दोन आकडे संघाच्या खाती जमा.

"आणि तिसरीचा?"

"तो धरत नाहीत, मावशी."

वांगे उलटताना माझा हात थांबला. या घरातली तिसरी मुलगी मी. "तिसरीबी पोरगीच!" एवढीच माझ्या जन्माची नोंद. शाळेत मास्तरांनी तारीख घातली 1 जून. घरात कोणी हरकत घेतली नाही.

"पण कोणाचा आकडा गळणार, हे संध्याकाळपर्यंत कळत नाही," भाची म्हणाली. "आणि दुसऱ्या दिवशी तिघी पुन्हा नव्याने. आज गळाली तिच्यावरच उद्या सगळी भिस्त!"

माय वांगी ठेचत होती. ठेचता ठेचता, मान वर न करता म्हणाली, "तू जूनची नाहीस. कार्तिकी एकादशीची. पहाटेची."

चव्वेचाळीस वर्षांत हे मी प्रथमच ऐकत होते.